पुढचा भाग कधी?

समोरचा माणूस चिडून काहीतरी विचारतो. पडद्याच्या तळाशी चार उत्तरं उमटतात आणि त्यांच्याबरोबर एक पट्टी येते, ती भराभर आखडत जाते. ती संपेपर्यंत बटण दाबलं नाही, तरी खेळ थांबत नाही. तुम्ही गप्प बसलात, हेच तुमचं उत्तर धरलं जातं. चारांतला एक पर्याय तर बऱ्याचदा नुसत्या टिंबांचाच असतो. मग कोपऱ्यात एक ओळ येते : ‘क्लेमेंटाइन हे लक्षात ठेवेल.’ क्लेमेंटाइन आठ वर्षांची आहे, आणि तिच्यासमोर आपण आत्ताच खोटं बोललो आहोत.

या एका ओळीने कॅलिफोर्नियातल्या सॅन राफेलचा टेलटेल गेम्स हा व्हिडिओ गेमचा स्टुडिओ जगभर माहीत झाला. पण त्याची गोष्ट तिथून सांगायला घेतली तर निम्मी हातची जाते. टेलटेलच्या खेळांत जे जे म्हणून ओळखीचं आहे, म्हणजे ती पट्टी, ती शाईने गिरवल्यासारखी चित्रं, फुटून पुन्हा एकत्र येणारं कथानक, ते सगळं एकाच धाकातून आलेलं आहे : पुढच्या भागाची तारीख. नियतकालिकात ‘क्रमशः’ कादंबरी लिहिणाऱ्यांना हा धाक चांगला ठाऊक होता. पण त्यांचा अंक अडला तर एका माणसाला रात्रभर जागून पानं पुरी करता येत. इथे एका भागामागे लेखक, आवाज देणारे नट, अ‍ॅनिमेटर, प्रोग्रॅमर आणि चाचणी घेणारे असतात. वर प्लेस्टेशन किंवा एक्सबॉक्सवर खेळ आणायचा तर त्या कंपन्यांच्या तपासणीतून प्रत्येक भाग वेगळा पास करून घ्यावा लागतो.

सुरुवात एका रद्द झालेल्या खेळापासून झाली. ‘सॅम अँड मॅक्स’ म्हणजे कोट-टोपीतला कुत्रा आणि बिनकपड्यांचा, भडक डोक्याचा ससा. गुन्ह्यांचा तपास लावणारी ही जोडगोळी स्टीव्ह पर्सेल या चित्रकाराची. लुकासआर्ट्स या खेळ काढणाऱ्या कंपनीने १९९३ मध्ये त्यांचा एक खेळ काढला होता आणि दुसरा बराच पुढे गेलेला असताना ३ मार्च २००४ रोजी तो बंद केल्याचं जाहीर केलं. पॉइंट-अँड-क्लिक, म्हणजे माउसने वस्तूंवर टिचकी मारत कोडी सोडवायच्या साहसखेळांना आता गिऱ्हाईक उरलेलं नाही, असा तेव्हाचा बाजारातला समज होता. त्याच वर्षी लुकासआर्ट्समधून बाहेर पडलेल्या डॅन कॉनर्स, केव्हिन ब्रूनर आणि ट्रॉय मोलँडर यांनी टेलटेल काढलं.

त्यांचं पहिलं उत्पादन होतं पत्त्यांचा पोकर. २००५ मधला ‘टेक्सस होल्डेम’ हा खेळ मुख्यतः स्वतःचं नवं इंजिन, म्हणजे ज्याच्यावर सगळे खेळ उभे राहायचे ती मूळ प्रणाली, धड चालतं का हे बघण्यासाठी काढलेला होता. चार पात्रं टेबलाभोवती बसलेली, त्यांनी बोलायचं, चेहऱ्यावर भाव आणायचे, बस्स. पुढची चौदा वर्षं हे इंजिन नेमकं हेच काम उत्तम करणार होतं आणि बाकी बऱ्याच ठिकाणी अडून बसणार होतं. त्यानंतर ‘बोन’ या कॉमिकवर दोन भाग निघाले, पहिला सप्टेंबर २००५ मध्ये, दुसरा एप्रिल २००६ मध्ये. दोन भागांत सात महिने गेले तर खेळणारा पहिला भाग विसरून जातो. ही मालिका तिथेच थांबली. युबिसॉफ्ट या प्रकाशकासाठी ‘सीएसआय’ या टीव्ही मालिकेचे खेळ करून पगार निघत होते.

त्या सुमाराला भागांभागांनी खेळ विकायची टूम सगळीकडे निघाली होती. ‘सिन एपिसोड्स’ नावाची मालिका नऊ भागांची होणार होती, मे २००६ मध्ये एक भाग आला आणि तिथेच संपली. व्हॉल्व्ह या बड्या स्टुडिओने ‘हाफ-लाइफ २’चा पहिला भाग जून २००६ मध्ये आणला, दुसरा ऑक्टोबर २००७ मध्ये, आणि तिसऱ्याची वाट बघणाऱ्यांचे केस पांढरे झाले. पैसा आणि हुशारी व्हॉल्व्हकडे टेलटेलच्या कैकपट होती. पण त्यांना प्रत्येक भागात काहीतरी नवं करून दाखवायचं होतं, आणि भागांच्या धंद्यात तेच नडतं.

टेलटेलने उलटं केलं. सॅम आणि मॅक्सचे हक्क पर्सेलकडे परत आले, त्याने ते टेलटेलला दिले आणि १७ ऑक्टोबर २००६ रोजी पहिला भाग गेमटॅप या वर्गणीच्या सेवेवर आला. दुसरा २० डिसेंबरला. पुढचे चार जानेवारी ते एप्रिल, महिन्याला एक. सहा भागांचा सीझन वेळेत पुरा करून दाखवणं ही तेव्हा खरोखर बातमी होती.

हे जमलं कसं, ते बॉस्कोच्या दुकानात दिसतं. सॅम-मॅक्सचं ऑफिस, खालचा रस्ता, कोपऱ्यावरचं बॉस्कोचं दुकान आणि सिबिलची खोली हा सेट एकदा बांधला आणि सहाही भागांत वापरला. दर भागाला नवी म्हणजे एखाददुसरी जागा. बॉस्को हा कुणीतरी आपल्या मागावर आहे अशा भीतीने पछाडलेला दुकानदार, म्हणून तो पुढच्या भागांत नवनवी सोंगं घेतो, बऱ्याचदा दुसऱ्याच देशाचा असल्यासारखा बोलतो. मॉडेल तेच, दुकान तेच, बदलले फक्त उच्चार आणि एखादा कपडा. त्याच्याकडून विकत घ्यायच्या वस्तूची किंमतही दर भागात वेड्यासारखी चढत जाते, त्यामुळे ‘एवढे पैसे आणायचे कुठून’ हे कोडं जुन्याच ठिकाणी नव्याने उभं करता येतं. काटकसरीचाच विनोद करून टाकलेला. ज्याला सेट परत वापरायचे आहेत त्याने हा सीझन वहीपेन घेऊन खेळावा, इतकं त्यात शिकण्यासारखं आहे.

महिन्याला एक भाग म्हणजे एक भाग महिन्यात तयार होतो, असं मात्र नाही. एकेका भागाला कित्येक महिने लागतात. एक लिहिला जात असतो, आधीच्याचे आवाज ध्वनिमुद्रित होत असतात, त्याच्या आधीचा अ‍ॅनिमेशनला गेलेला असतो आणि सर्वांत पुढचा चाचणीत असतो. पोळ्या लाटणारी एक, भाजणारी दुसरी, तसंच हे. यात सर्वांत नाजूक सांधा आवाजांचा. संवाद मुद्रित झाले की त्यांच्यावर तोंडाच्या हालचाली, हावभाव, कॅमेरा बसतो. त्यानंतर लेखकाने एक प्रसंग बदलला, तर नटाला परत बोलवा, नव्या ओळी घ्या, हालचाली पुन्हा बसवा, बाकीच्या भाषांतली खालची अक्षरं बदला. शेवटच्या दोन आठवड्यांत बदललेलं एक पान मागच्या दोन महिन्यांच्या कामाला हात घालतं.

पुढची तीन-चार वर्षं गाडी रुळावर होती. ‘स्ट्रॉन्ग बॅड’, ‘वॉलेस अँड ग्रोमिट’, २००९ मध्ये पाच भागांचा ‘मंकी आयलंड’, मग ‘बॅक टू द फ्युचर’. ‘स्ट्रॉन्ग बॅड’ निन्टेन्डोच्या वीवेअर दुकानातही विकला गेला. तिथे अख्खा खेळ ४० एमबीच्या आसपास बसवावा लागे. ज्या खेळात मुख्य माल म्हणजे बोलणं, त्याचा तासन्‌तासांचा ध्वनी या डब्यात कोंबायचा म्हणजे काय कसरत झाली असेल ते सांगायला नको.

नोव्हेंबर २०११ च्या ‘जुरासिक पार्क’मध्ये त्यांनी कोडी जवळपास काढूनच टाकली आणि त्यांच्या जागी वेळेवर बटण दाबायचे प्रसंग आणले. खेळ पडला. टीका झाली ती योग्यच होती, कारण बटण चुकलं की डायनासोर खातो आणि तोच प्रसंग पुन्हा, याला कुणी कथा म्हणत नाही. पण त्यामागचा हिशेब चुकीचा नव्हता. पहिल्या भागातल्या कोड्यात जो अडकला, तो दुसरा भाग विकत घेत नाही. क्रमशः विकायच्या मालात गिऱ्हाईक अडकून चालत नाही. कोडं काढल्यावर खेळणाऱ्याच्या हाताला काम काय द्यायचं, एवढाच प्रश्न उरला होता.

त्याचं उत्तर २४ एप्रिल २०१२ ला आलं. रॉबर्ट किर्कमनच्या कॉमिकच्या जगात बेतलेला ‘द वॉकिंग डेड’, शॉन व्हॅनमन आणि जेक रॉडकिन यांच्या नेतृत्वाखाली. ली एव्हरेट हा खुनाची शिक्षा झालेला प्राध्यापक आणि त्याच्या आसऱ्याला आलेली क्लेमेंटाइन. हाताला काम दिलं ते निवड करण्याचं, आणि विचार करायला वेळ दिला नाही. (यापुढे कथानक फुटणार आहे. खेळायचं राहिलं असेल तर खालचे तीन परिच्छेद सोडून द्या.)

आता आकडेमोड. प्रत्येक निवडीला दोनच वाटा आणि प्रत्येक वाट शेवटपर्यंत वेगळी ठेवायची म्हटली, तर दहा निवडींवर १,०२४ कथा होतात आणि वीसवर १०,४८,५७६. जगातला कुठलाही स्टुडिओ हे करू शकत नाही, तारखेला तर नाहीच. म्हणून वाटा फुटू द्यायच्या आणि पुढे गुपचूप एकत्र आणायच्या. पुण्यातून माउलींची पालखी दिवेघाटाने सासवडकडे जाते, तुकोबांची लोणी-यवतच्या अंगाने. वाटेतली गावं वेगळी, रिंगणं वेगळी, वारकऱ्याच्या आठवणीही वेगळ्या. वाखरीला सगळे भेटतात आणि पंढरपूर एकच.

पहिल्याच भागात हर्शेलच्या शेतावर दोघं एकदम संकटात सापडतात, शेतकऱ्याचा मुलगा शॉन आणि डक नावाचा लहान मुलगा. कुणाकडे धावायचं ते तुम्ही ठरवता. कुणाकडेही धावा, शॉन मरतो आणि डक वाचतो. बदलतं काय, तर नंतर हर्शेल आणि डकचा बाप केनी तुमच्याशी कसे बोलतात ते. ही सर्वांत स्वस्त निवड : काही ओळींचे संवाद आणि एक खूण. त्याच भागाच्या शेवटी मात्र महागडी निवड येते. डग की कार्ली? इथे जो वाचतो तो खरोखर वाचतो, पुढच्या भागात सोबत असतो, म्हणजे तो जिथे जिथे आहे तो प्रत्येक प्रसंग दोनदा लिहायचा, दोनदा मुद्रित करायचा, दोनदा तपासायचा. हे उधारखातं तिसऱ्या भागात मिटवलं जातं. रस्त्याच्या कडेला सोबतची लिली पिस्तूल काढते. कार्ली असेल तर कार्लीला गोळी लागते, डग असेल तर बेन या दुसऱ्या सोबत्यावर झाडलेली गोळी डग अंगावर घेतो. दोन्ही वाटा त्या एका गोळीत संपतात. खेळताना हा धक्का बसतो तो अगदी खरा. नंतर लक्षात येतं की तो धक्का हिशेबनीसानेही मागितला होता.

याला फसवणूक म्हणणारे पुष्कळ आहेत. ते पटण्यासारखं नाही. शॉन मरणारच होता हे दुसऱ्यांदा खेळल्यावर कळतं, पण पहिल्यांदा तुम्ही कुणाकडे धावलात ते तुम्हाला ठाऊक असतं. भागाच्या शेवटी टक्केवारी दाखवली जाई, इतक्या टक्के खेळाडूंनी तुमच्यासारखंच केलं म्हणून. त्यातलं ‘तुमच्यासारखं’ हाच खरा शेवट. तक्रार वेगळ्या ठिकाणी आहे : हीच शिवण चौथ्या-पाचव्या खेळात तशीच घातली की खेळणाऱ्याला दोरा दिसायला लागतो.

सगळ्या निवडी एका लहानशा सेव्ह फाइलमध्ये राहतात. डग की कार्ली, खोटं बोललो की खरं, अशा हो-नाहीच्या खुणांची ती यादी. पुढचा भाग उघडताना ती वाचतो. भाग दोन-दोन महिन्यांच्या अंतराने येतात, मधे यंत्र बदलतं, खेळ काढून पुन्हा टाकला जातो आणि फाइल हरवते. पहिल्या सीझनमध्ये सेव्ह गायब झाल्याच्या तक्रारी भरपूर आल्या. दुसऱ्या सीझनला पहिल्याची फाइल सापडली नाही, तर खेळ निवडी स्वतःच नाणं उडवून ठरवायचा. ज्याला वाचवायला तुम्ही जीव टाकला तो कधीच मेला, असं दुसऱ्याच कुणाचं आयुष्य पुढे चालू व्हायचं.

चित्रांची ती जाड काळी रेघसुद्धा शौकापुरती नाही. कॉमिकचा ठसा तर येतोच, पण सावल्या आणि सुरकुत्या पृष्ठभागावरच रंगवून टाकल्या की कमी बहुभुजांचं, म्हणजे कमी तुकड्यांत जोडलेलं मॉडेलही उठावदार दिसतं, जुन्या यंत्रावर चालतं, फोनवरही चालतं. टेलटेल टूल हे घरचं इंजिन संवाद, चेहरे आणि कॅमेरा यांसाठी फार सोयीचं होतं. पण त्यात भौतिकीची यंत्रणाच नव्हती. फळीवरून पुस्तक पडलं किंवा चेंडू घरंगळत गेला, तर ती हालचाल अ‍ॅनिमेटरने हाताने करायची. २००५ मध्ये हे चालून गेलं. २०१६ मध्ये, शेजारचे स्टुडिओ तयार इंजिनं वापरत असताना, लोक हसू लागले. आणि इंजिन बदलायचं तर कामात सहा महिन्यांची फट हवी. पुढचा भाग तर पुढच्या महिन्यात.

‘द वॉकिंग डेड’ला स्पाइक टीव्हीच्या पुरस्कारांत वर्षाचा सर्वोत्तम खेळ ठरवलं गेलं. पाच डॉलरला एक भाग विकणाऱ्या लहान स्टुडिओने मोठमोठ्यांना मागे टाकलं होतं. इथूनच घात झाला, असं म्हणायला जागा आहे. व्हॅनमन आणि रॉडकिन बाहेर पडून स्वतःचा स्टुडिओ काढून बसले. त्यांची रीत मात्र मागे साच्यासारखी राहिली, आणि दारात नामांकित परवान्यांची रांग लागली.

‘द वुल्फ अमंग अस’चा पहिला भाग ११ ऑक्टोबर २०१३ ला आला, दुसरा ४ फेब्रुवारी २०१४ ला. जवळपास चार महिने. ‘टेल्स फ्रॉम द बॉर्डरलँड्स’ नोव्हेंबर २०१४ मध्ये सुरू झाला, दुसऱ्या भागाला मार्च उजाडला. टेलटेलच्या सगळ्या खेळांत विनोदाचं टायमिंग सर्वांत चोख यातच आहे, आणि नेमका हाच मधल्या थांब्यांत लोकांच्या ध्यानातून गेला. डिसेंबर २०१४ मध्ये ‘गेम ऑफ थ्रोन्स’, ऑक्टोबर २०१५ मध्ये ‘माइनक्राफ्ट’, मग ‘बॅटमॅन’, ‘गार्डियन्स ऑफ द गॅलॅक्सी’. प्रत्येकाचा मालक वेगळा, प्रत्येकाला कथा दाखवून मंजुरी घ्यायची आणि उत्पन्नातला वाटा द्यायचा.

सात-आठ पोळपाट एकदम मांडले की माणसं इकडून तिकडे ओढली जातात. या खेळाचा भाग अडला, त्या खेळातले चार अ‍ॅनिमेटर दोन आठवड्यांसाठी घ्या. मग तो अडतो. शेवटच्या क्षणी पानं फाडून नव्याने लिहिण्याची सवय आणि तिच्यापायी रात्रंदिवसाचं काम यांबद्दल माजी कर्मचारी पुढे उघड बोलले. विक्रीचं गणितही क्रमशःच्या विरोधात गेलं होतं. बरेच जण हुशारीने थांबायला शिकले : पाचही भाग येऊ देत, सवलतीत मिळू देत, मग एकदम बघू. म्हणजे पहिल्या भागाच्या पैशावर पाचवा करायचा ही मूळ कल्पनाच कोसळली.

कॉनर्सनंतर २०१५ मध्ये ब्रूनर प्रमुख झाला, मार्च २०१७ मध्ये तोही पायउतार झाला, सप्टेंबरमध्ये पीट हॉली आला. त्याने भाग कमी, खेळ कमी, इंजिन नवं असं धोरण धरलं आणि नोव्हेंबरमध्ये ९० जणांना काढलं, म्हणजे एकूण माणसांचा चौथा हिस्सा. धोरण बरोबर होतं. पाच वर्षं उशीर झाला होता.

२१ सप्टेंबर २०१८, शुक्रवार. सुमारे अडीचशे लोकांना सांगण्यात आलं की आज शेवटचा दिवस. नुकसानभरपाई नाही आणि आरोग्यविमा महिनाअखेरपर्यंत, म्हणजे नऊ दिवस. अमेरिकेत आरोग्यविमा नोकरीला बांधलेला असतो, हे ज्याला माहीत आहे त्याला या नऊ दिवसांचा अर्थ वेगळा सांगायला नको. साठ दिवसांची नोटीस देण्याचा कायदा मोडल्याचा दावाही लगेच दाखल झाला. नेटफ्लिक्ससाठी घेतलेलं राहिलेलं काम पुरं करायला पंचवीसेक जण ठेवले. आणि चार दिवसांनी, २५ तारखेला, ‘द वॉकिंग डेड’च्या अखेरच्या सीझनचा दुसरा भाग ठरल्याप्रमाणे विक्रीला आला. करणारी माणसं घरी बसली होती. तारीख पाळली गेली.

उरलेले दोन भाग किर्कमनच्या स्कायबाउंडने हाती घेतले, बऱ्याचशा त्याच लोकांना पुन्हा बोलावून. ते जानेवारी आणि मार्च २०१९ मध्ये आले. पहिल्या सीझनला आठ वर्षांची असलेली क्लेमेंटाइन एकदाची तडीस गेली.

खेळ मात्र दुकानांतून एकेक करून नाहीसे होऊ लागले, कारण परवाने स्टुडिओच्या नावावर होते आणि स्टुडिओ उरला नव्हता. ‘माइनक्राफ्ट’वाला जून २०१९ मध्ये गेला. जाण्यापूर्वी एक्सबॉक्स ३६० च्या दुकानात त्याच्या भागांची किंमत शंभर डॉलर लावलेली दिसत होती. आधी विकत घेतलेल्यांना शेवटचं उतरवून घेता यावं म्हणून तो खेळ यादीत ठेवायचा होता आणि नव्याने कुणी घेऊ नये, म्हणून ही सोय. बॉस्कोने सुद्धा तोंडात बोट घातलं असतं.

नाव आणि काही हक्क एलसीजी एंटरटेनमेंटने ऑगस्ट २०१९ मध्ये घेतले आणि टेलटेल ही पाटी मालिबूला पुन्हा लागली. जुने काही जण स्कंकेप म्हणून एकत्र आले आणि त्यांनी सॅम-मॅक्सचे तिन्ही सीझन झाडूनपुसून पुन्हा काढले. आणखी काही जुन्यांनी अ‍ॅडहॉक हा स्टुडिओ काढला. त्यांचा ‘डिस्पॅच’ हा खेळ २२ ऑक्टोबर २०२५ ला सुरू झाला : आठ भाग, दर आठवड्याला दोन, १२ नोव्हेंबरला समाप्त. आधी पुरं करायचं, मग क्रमशः वाढायचं.

‘द वुल्फ अमंग अस’चा शेवट जुलै २०१४ मध्ये अर्धवट सोडला होता. जाता जाता नेरिसा नावाची त्यातली बाई एक वाक्य बोलते आणि आतापर्यंत खरं मानलेलं सगळं डळमळतं. तिच्या मागे जायचं की सोडून द्यायचं, हे विचारून खेळ संपतो. पुढचा सीझन २०१७ मध्ये जाहीर झाला, २०१८ मध्ये स्टुडिओबरोबर बुडाला, डिसेंबर २०१९ मध्ये नव्या टेलटेलने पुन्हा जाहीर केला, २०२३ चा वायदा केला, तोही पुढे ढकलला. नेरिसा अजून त्या रस्त्याने चाललीच आहे.